दरबार मान्यखेटचा, कवी वऱ्हाडचा?

अंजनगाव सुर्जीच्या पंचक्रोशीत कवी म्हटले की मठ आणि कीर्तन आठवते. एकनाथांच्या शिष्यपरंपरेतले देवनाथ महाराज इथले. त्यांची मराठी आणि हिंदुस्तानी पदे कीर्तनकारांच्या तोंडी राहिली आणि गावातला देवनाथ मठ त्यांच्या नावाने आजही ओळखला जातो. याच तालुक्यातल्या शेंडगावात १८७६ साली गाडगेबाबा जन्मले. त्यांनी एक ओळ लिहिली नाही, तरी त्यांच्या बोलण्यात कवितेचे बळ होते. राजदरबाराशी या गावाचा संबंध इतिहासाच्या पुस्तकात येतो तो ३० डिसेंबर १८०३ च्या तहामुळे. दौलतराव शिंद्यांनी इंग्रजांशी केलेला तो तह सुर्जी अंजनगावचा तह म्हणूनच ओळखला जातो. देवनाथ त्या काळी हयात होते. एका बाजूला राज्ये सह्या करून जात होती, दुसऱ्या बाजूला मठात पदे रचली जात होती. त्यामुळे इथली कविता दरबारापासून दूर, लोकांत वाढली, असे वाटणे साहजिक आहे.

पण हे अर्धेच खरे आहे. सातपुड्याच्या पायथ्यापासून वाशीमपर्यंतच्या या मुलखात मराठी जन्मण्याच्या आधीच्या हजारेक वर्षांत दरबारी कवितेची एक मोठी परंपरा होऊन गेली. राजे कविता लिहीत होते. इथली माणसे कनौजला, मान्यखेटला जाऊन राजकवी होत होती. त्यांतल्या काहींचे ग्रंथ पार बुडाले, काहींचे इथल्याच मंदिरांच्या कपाटांतून पुन्हा बाहेर आले. वऱ्हाडचा दरबारी कवी कोण, तो कसा जगला आणि त्याचे लिखाण टिकले कसे, हा प्रश्न म्हणूनच नीट मांडून पाहण्यासारखा आहे.

सुरुवात अगदी जवळून करता येते. अचलपूर तालुक्यात चमक नावाचे गाव आहे. तिथे सापडलेला वाकाटक राजा दुसरा प्रवरसेन याचा ताम्रपट फ्लीट यांनी १८८८ साली गुप्तकालीन लेखांच्या संग्रहात छापला. राजाने आपल्या अठराव्या राज्यवर्षी भोजकट राज्यातले, मधुनदीच्या काठचे चर्मांक हे गाव एक हजार ब्राह्मणांना दान दिले. जमीन मोजली ती राजमापाने, आठ हजार भूमी. चर्मांक म्हणजेच आजचे चमक, आणि भोजकट म्हणजे भातकुली, असे अभ्यासक मानतात. या ताम्रपटातल्या अटी मोठ्या रोखठोक आहेत. दान घेणाऱ्यांनी राज्याशी द्रोह करू नये, चोरी किंवा व्यभिचार करू नये, लढाई करू नये, दुसऱ्या गावांना त्रास देऊ नये. हे पाळले तर चंद्रसूर्य असेपर्यंत दान चालेल, नाही तर राजाने गाव परत घेतले तरी ती चोरी ठरणार नाही.

ज्याच्या कचेरीतून इतका हिशेबी मजकूर निघाला, त्याच राजाच्या नावावर ‘सेतुबंध’ हे महाराष्ट्री प्राकृतातले महाकाव्य आहे. पंधरा सर्ग, विषय रामाने समुद्रावर बांधलेला सेतू आणि रावणाचा वध. प्रवरसेन पाचव्या शतकाच्या पूर्वार्धातला. त्याची आई प्रभावतीगुप्ता ही दुसऱ्या चंद्रगुप्ताची मुलगी. या काव्याची कीर्ती सेतूच्याच रूपकाने समुद्रापार गेली, असे बाणभट्टाने हर्षचरितात म्हटले. ते अक्षरशः खरे ठरले, कारण कंबोडियातल्या एका शिलालेखात प्रवरसेनाच्या सेतूवर श्लेष केलेला आढळतो. अकबराच्या काळातला टीकाकार रामदास मात्र म्हणतो की हे काव्य कालिदासाने राजासाठी रचले. वा. वि. मिराशींनी कालिदासाचा वाकाटक दरबाराशी आणि रामटेकाशी जो संबंध जोडला, त्यात या परंपरेचाही वाटा आहे. राजा लिहितो आणि त्याच्या पदरचा कवी ते दुरुस्त करतो, की कवी लिहितो आणि राजाचे नाव लागते, हा दरबारी कवितेचा सनातन प्रश्न आहे. चमकच्या ताम्रपटाचा राजा स्वतः इतके लिहू शकला असेल का? नाही म्हणायला कोणताही भक्कम पुरावा नाही. म्हणून बाणासारख्या जुन्या जाणत्याचा शब्द धरणे बरे.

याच घराण्याच्या दुसऱ्या शाखेची राजधानी वत्सगुल्म, म्हणजे आजचे वाशीम. तिचा संस्थापक सर्वसेन हाही कवी. त्याने ‘हरिविजय’ हे प्राकृत काव्य रचले. कृष्णाने सत्यभामेसाठी स्वर्गातून पारिजात आणल्याची ती कथा. आनंदवर्धनाने ध्वन्यालोकात त्याचा आदराने उल्लेख केला, भोज आणि हेमचंद्राच्या काळापर्यंत ते विद्वानांच्या हाती होते. आज ते अस्तित्वात नाही. साहित्यशास्त्रकारांनी उदाहरणे म्हणून घेतलेल्या गाथांमधून जेवढे कळते तेवढेच उरले. वऱ्हाडचा पहिला ज्ञात दरबारी कवी असा तुकड्यातुकड्यांनी शिल्लक आहे.

वाकाटकांनंतर इथे मोठा दरबार उरला नाही. मग कवी बाहेर पडले.

भवभूतीचे उदाहरण सर्वांना ठाऊक आहे. विदर्भातल्या पद्मपुराचा हा माणूस, बापाचे नाव नीलकंठ, आईचे जातुकर्णी. पद्मपूर म्हणजे गोंदिया जिल्ह्यातल्या आमगावजवळचे गाव, असे मिराशींनी दाखवले. राजतरंगिणी त्याला कनौजच्या यशोवर्म्याच्या पदरचा कवी म्हणते. आठव्या शतकाच्या पहिल्या अर्धातली ही गोष्ट. मात्र त्याच्या तिन्ही नाटकांच्या प्रस्तावना सांगतात की ती कालप्रियनाथाच्या यात्रेत सादर झाली. राजवाड्यात त्याचे कौतुक झाले की नाही ठाऊक नाही, पण यात्रेतल्या गर्दीपुढे त्याची नाटके उभी राहिली. आपल्याला समजून घेणारा कधीतरी, कुठेतरी जन्मेल, हा त्याचा विश्वासही दरबारात सुखावलेल्या माणसाचा नाही.

राष्ट्रकूट राजा तिसरा इंद्र याच्या पदरी त्रिविक्रमभट्ट होता. ९१५ सालचा बगुम्रा ताम्रपट त्याने रचला आणि ‘नलचंपू’ही त्याचाच. दमयंती कुंडिनपुरची, म्हणून वरदा आणि पयोष्णी या नद्या, म्हणजे आपल्या वर्धा आणि पूर्णा, त्याच्या पुस्तकात वाहतात. एकच हात दानपत्र लिहितो आणि चंपूही लिहितो, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. राजकवी हा त्या काळी राजाचा कागदपत्र लिहिणारा माणूसही असे.

दरबारी कवीचे आयुष्य कसे असावे, हे सर्वांत तपशिलाने लिहून ठेवले ते राजशेखराने. यायावर कुळातला हा पंडित. पणजोबा अकालजलद, ज्यांना तो महाराष्ट्राचा चूडामणी म्हणतो. बाप दुर्दुक मंत्री, आई शीलवती, बायको अवंतिसुंदरी चाहमान कुळातली. मिराशींच्या मते घराणे विदर्भातले. राजशेखर कनौजच्या प्रतिहार राजा महेंद्रपालाचा गुरू झाला, पुढे महीपालाच्या आणि त्रिपुरीच्या युवराजदेवाच्या दरबारीही राहिला. नवव्या शतकाचा शेवट आणि दहाव्याची पहिली दशके हा त्याचा काळ. ‘काव्यमीमांसा’ हे त्याचे पुस्तक १९१६ साली बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचा पहिला ग्रंथ म्हणून छापले गेले, तेव्हा अभ्यासकांच्या हाती मोठा ठेवाच लागला.

त्यात कवीच्या दिवसाची आखणी आहे. पहाटे उठून संध्या आणि सरस्वतीचे स्तवन, पहिल्या प्रहरी अभ्यास, दुसऱ्या प्रहरी लेखन, जेवणानंतर काव्यगोष्ठी, चौथ्या प्रहरी सकाळच्या लिखाणाची छाननी, संध्याकाळनंतर ते स्वच्छ उतरवून ठेवणे. घरात बाग हवी, पाणी हवे, मोर हवेत, झोपाळा हवा. नोकरांना अपभ्रंश बोलता यावे, लेखनिकाचे अक्षर सुंदर असावे आणि त्याला नाना लिप्या याव्यात. पाटी, खडू, दौत, लेखणी, ताडपत्रे, भूर्जपत्रे, लोखंडी काटे हाताशी असावेत. अर्धवट कविता कुणा एकट्याला वाचून दाखवू नये, हा सल्ला तर आजच्या लिहिणाऱ्यांनीही पाळावा असा आहे. राजाने कविसभा भरवली तर उत्तरेला संस्कृतचे कवी, पूर्वेला प्राकृताचे, पश्चिमेला अपभ्रंशाचे आणि दक्षिणेला पैशाचीचे बसवावेत. बायकाही पुरुषांसारख्याच कवी होऊ शकतात, कारण संस्कार आत्म्यावर होतो, हे राजशेखर स्पष्ट म्हणतो. अवंतिसुंदरीची मते तो नावानिशी नोंदवतो. त्याचे ‘कर्पूरमंजरी’ हे पूर्ण प्राकृतातले नाटक तिच्याच इच्छेने रंगभूमीवर आले. त्या नाटकातली नायिका सापडते ती दक्षिणापथातल्या वच्छोम नगरात, म्हणजे वत्सगुल्मात. आणि काव्यमीमांसेत काव्यपुरुषाचे लग्न साहित्यविद्येशी लागते तेही विदर्भातल्या वत्सगुल्मातच. कनौजच्या वैभवात बसून राजशेखराला लग्नासाठी गाव आठवले ते वाशीम!

याच सुमारास जपानात, आजच्या क्योतोत, सम्राट दाइगोच्या आज्ञेवरून ९०५ साली ‘कोकिनशू’ या राजसंग्रहाचे काम सुरू झाले. चार कवी संपादक, वीस भाग, अकराशेच्या आसपास कविता, बहुतेक एकतीस अक्षरांच्या. प्रमुख संपादक कि नो त्सुरायुकी याने प्रस्तावना चिनीत न लिहिता जपानीत लिहिली. तिकडे विद्वत्तेची भाषा चिनी, इकडे संस्कृत. तिकडे त्सुरायुकी आपल्या बोलीची बाजू मांडतो, इकडे राजशेखर प्राकृताच्या मऊपणाची. त्सुरायुकीची नोकरी मात्र साधी होती. तो तोसा प्रांताचा अधिकारी म्हणून गेला आणि ९३५ साली परतताना त्याने बाईच्या नावाने प्रवासाची रोजनिशी लिहिली. तोसात वारलेल्या मुलीचे दुःख तिच्यात ठायी ठायी येते. त्या दरबाराने आपल्या कवींची नावे, हुद्दे आणि कवितांमागचे प्रसंग जपून ठेवले. आपल्याकडे दरबाराने ते काम केले नाही. कवीने स्वतः ग्रंथात लिहिले तेवढेच आपल्याला मिळाले. म्हणून ज्याने स्वतःबद्दल भरपूर लिहिले, तो पुष्पदंत आपल्यासाठी अमोल आहे.

पुष्पदंत हा अपभ्रंश भाषेतला सर्वांत मोठा कवी, असे म्हणायला हरकत नाही. स्वयंभू आणि चतुर्मुख त्याच्या आधीचे, आणि त्यांचे ऋण तो मान्य करतो. काश्यप गोत्राचा ब्राह्मण. बाप केशवभट्ट, आई मुग्धादेवी. घर मुळात शैव, पुढे जैन झालेले. स्वतःचे वर्णन तो आडपडदा न ठेवता करतो. अंगकाठी किडकिडीत, रंग काळा, रूप नाही, पण चेहरा हसरा. घर नाही, बायकामुले नाहीत, अंगावर जुने फाटके कपडे. आणि पदव्या? अभिमानमेरू, कविकुलतिलक, सरस्वतीनिलय. काव्यपिसाट अशा अर्थाची एक पदवी तो मोठ्या आवडीने मिरवतो. अंगावर धड कपडा नसलेला माणूस स्वतःला अभिमानाचा मेरू पर्वत म्हणवतो, आणि त्याचे चरित्र वाचले की ते नाव त्याला शोभते.

आधी तो कुठल्या तरी राजाकडे होता. भैरव हे त्या राजाचे नाव. त्याची स्तुती करणारे काव्यही त्याने लिहिले होते. तिथे काहीतरी अपमान झाला आणि तो सगळे सोडून निघाला. दूरचा रस्ता तुडवत तो एका नगराबाहेरच्या उपवनात येऊन थकून पडला. दोघांनी त्याला ओळखले आणि विचारले, इथे रानात का राहता, नगरात चला. त्यावर पुष्पदंताने दिलेले उत्तर महापुराणाच्या आरंभीच आहे. डोंगरातल्या गुहेत रानफळे खाऊन राहणे बरे, पण दुर्जनांच्या कपाळावरच्या आठ्या बघणे नको, असा त्याचा आशय. राजांच्या ऐश्वर्याबद्दल, त्यांच्या चवऱ्यांच्या वाऱ्याने उडून जाणाऱ्या गुणांबद्दल तो जे बोलतो, ते दरबारी कवीच्या तोंडून ऐकताना थक्क व्हायला होते.

त्या दोघांनी त्याला भरताकडे नेले. भरत हा राष्ट्रकूट सम्राट तिसरा कृष्ण याचा मंत्री, स्वतः विद्वान आणि जैन. त्याने पुष्पदंताला घरी ठेवले, न्हाऊ-खाऊ घातले, आणि काही दिवसांनी म्हणाला की त्या भैरव राजाची स्तुती करून जे पाप लागले, त्याचे प्रायश्चित्त म्हणून आता महापुराण रचा. मंत्र्याने कवीला दिलेले हे काम विलक्षण आहे. स्वतःची स्तुती नको, मागच्या धन्याच्या स्तुतीचे परिमार्जन हवे. पुष्पदंताने सिद्धार्थ संवत्सरात, शके ८८१ मध्ये म्हणजे ९५९ साली काम हाती घेतले.

त्रेसष्ट शलाकापुरुषांची, म्हणजे चोवीस तीर्थंकर, चक्रवर्ती, बलदेव, वासुदेव आणि प्रतिवासुदेव यांची ही कथा. तिच्यात ऋषभनाथ आहेत, राम आहे, कृष्ण आहे. पहिल्या भागाचे, आदिपुराणाचे, सदतीस संधी म्हणजे सर्ग झाले आणि कवीचा हात थांबला. मन उडाले. पुष्पदंत सांगतो की सरस्वती स्वप्नात आली, मग भरत स्वतः येऊन बसला आणि त्याने विचारले की काय झाले, माझ्याकडून काही चुकले का. कवी उत्तर देतो की दोष तुझा नाही, काळच वाईट आहे, जिकडे बघावे तिकडे दुर्जन. तरी भरताच्या मायेपायी त्याने पुन्हा लेखणी उचलली. क्रोधन संवत्सरातल्या आषाढ शुद्ध दशमीला, ९६५ साली, एकशेदोन संधींचे महापुराण पुरे झाले. सहा वर्षे. थांबणे आणि समजूत काढणे यांच्यासकट. लिहिण्याच्या मध्येच आलेल्या उदासीची इतकी स्पष्ट नोंद त्या काळच्या भारतीय कवितेत फार थोड्या ठिकाणी सापडते.

आश्रयदात्याची स्तुती पुष्पदंतानेही केली. अनेक संधींच्या आरंभी भरताच्या गुणांचे श्लोक आहेत, आणि ते मनापासून लिहिलेले आहेत. पण त्यांचा सूर एका माणसाने दुसऱ्याला दिलेल्या साक्षीचा आहे. भरताच्या घरात वाचक, लेखक, गाणारे यांची वर्दळ कशी असे, ते त्यांत दिसते. सम्राटाला मात्र त्याने ओझरते स्थान दिले. चोळांना हरवणारा तुडिग एवढा उल्लेख करून तो पुढे जातो. दक्षिण भारतातला त्या काळचा सर्वांत बलाढ्य राजा या कवीच्या ग्रंथात केवळ कालनिर्देशापुरता येतो, ही गोष्ट ‘दरबारी’ कवीबद्दलच्या आपल्या समजुतीला धक्का देणारी आहे.

भरताच्या नंतर त्याचा मुलगा नन्न याने कवीला सांभाळले. त्याच्या सांगण्यावरून ‘णायकुमारचरिउ’ आणि ‘जसहरचरिउ’ ही दोन काव्ये झाली. ९७२ साली माळव्याच्या परमार सीयकाने राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट लुटली. महापुराणाच्या काही हस्तलिखितांत एक श्लोक आहे. त्यात धाराधीशाच्या कोपाने जळालेल्या नगराबद्दल शोक करून, आता पुष्पदंताने राहायचे कुठे, असा प्रश्न विचारला आहे. जसहरचरिउच्या शेवटी भीषण दुष्काळाचे चित्र येते, आणि त्या दिवसांतही नन्नाने आपल्याला चांगले घर, चांगले अन्न, चांगले वस्त्र दिले, असे कवी कृतज्ञतेने नोंदवतो. त्यापुढे त्याचे काय झाले, कळत नाही.

हा कवी वऱ्हाडचा होता का? हे अनुमान प्रथम जोरात मांडले ते हिंदीतले थोर संशोधक नाथूराम प्रेमी यांनी. बुलढाणा जिल्ह्यातल्या रोहिणखेडचा श्रीपती हा अकराव्या शतकातला ज्योतिषी. ‘सिद्धांतशेखर’ त्याचा, आणि ‘ज्योतिषरत्नमाला’ या ग्रंथावरची त्याची मराठी टीका ही मराठी गद्याच्या सर्वांत जुन्या नमुन्यांत मोडते. श्रीपती स्वतःला नागदेवाचा मुलगा आणि केशवभट्टाचा नातू म्हणवतो. पुष्पदंताच्या बापाचे नावही केशवभट्ट, दोघेही काश्यप गोत्राचे. तेव्हा पुष्पदंत हा श्रीपतीचा चुलता असावा, असे प्रेमींना वाटले. काळाचा मेळ जेमतेम बसतो. केशव हे नाव आणि काश्यप हे गोत्र दोन्ही फार प्रचलित, त्यामुळे एवढ्यावर निकाल देता येत नाही. दुसरा धागा भाषेचा आहे. ग. वा. तगारे यांनी १९४८ साली प्रसिद्ध केलेल्या अपभ्रंशाच्या ऐतिहासिक व्याकरणात पुष्पदंताची भाषा दक्षिणेकडच्या अपभ्रंशात घातली. ज्या बोलीतून पुढे मराठी घडली, तिच्या शेजारची ही भाषा. मान्यखेट कानडी मुलखात, आजच्या कलबुर्गी जिल्ह्यातले मलखेड. तिथे बसून कुणी कानडीत न लिहिता अशा भाषेत लिहितो, तर तो उत्तरेकडच्या या पट्ट्यातून आला असावा, हा तर्क पटण्यासारखा आहे. रोहिणखेडचा दावा कच्चा, वऱ्हाडचा दावा बळकट, एवढे म्हणता येते.

आणि जन्मगाव कोणतेही असो, पुष्पदंताचे वाचक वऱ्हाडात होते याला मात्र भक्कम पुरावा आहे. हरिषेण नावाचा कवी चित्तोडहून कामानिमित्त अचलपूरला आला, तिथे त्याने छंद आणि अलंकारांचा अभ्यास केला आणि विक्रम संवत १०४४ मध्ये, म्हणजे ९८७-८८ च्या सुमारास, ‘धम्मपरिक्खा’ हे अकरा संधींचे अपभ्रंश काव्य लिहिले. ग्रंथारंभी तो तीन कवींना वंदन करतो. चतुर्मुख, स्वयंभू आणि पुष्पदंत. महापुराण पुरे झाल्यावर वीस-बावीस वर्षांत, छापखाना नसलेल्या काळात, मान्यखेटच्या कवीचे नाव अंजनगावाशेजारच्या अचलपुरात महाकवी म्हणून घेतले जात होते. अचलपूर तेव्हा जिनमंदिरांनी भरलेले आहे, असे हरिषेण सांगतो. नवख्या माणसाला येऊन छंदशास्त्र शिकता यावे, असे ते गाव होते.

राजशेखराने ग्रंथ नष्ट होण्याची कारणे मोजून दिली आहेत. ठेव म्हणून दुसऱ्याकडे देणे, विकणे, दान करणे, देश सोडणे, कवीचे आयुष्य थोडे असणे, आग, पाणी. म्हणून नकला अनेक असाव्यात, असा त्याचा आग्रह. हरिविजयाला या कारणांतले कुठले तरी भोवले. नरेंद्र कवीच्या ‘रुक्मिणीस्वयंवरा’ची गोष्ट त्याहून चमत्कारिक. साल, नृसिंह आणि नरेंद्र हे तिघे भाऊ देवगिरीच्या रामदेवराव यादवाच्या दरबारचे कवी. रुक्मिणी कौंडिण्यपूरची, अमरावती जिल्ह्यात वर्धेच्या काठची. तिच्या लग्नाची कथा नरेंद्राने शके १२१४ मध्ये ओवीबद्ध केली. महानुभाव परंपरा सांगते की राजाने ओवीमागे सोन्याचे नाणे देऊ केले, अट एकच, काव्यावर नाव राजाचे लागावे. नरेंद्राने कवींच्या कुळाला बट्टा लागेल म्हणून नकार दिला आणि पुढे पंथाचा आश्रय घेतला. काव्याचा काही भागच पंथाच्या हाती लागला, उरलेला दरबारात राहिला, असेही परंपरा म्हणते. जे हाती आले ते महानुभावांनी आपल्या सांकेतिक लिपीत जपले, आणि वि. भि. कोलते यांनी संपादून छापले. त्या पंथाची काशी रिद्धपूर, अमरावती जिल्ह्यातलीच. सेतुबंधाच्या बाबतीत ‘लिहिले कुणी, नाव कुणाचे’ हा वाद टीकाकारांनी घातला. सेतुबंधानंतर आठशे वर्षांनी एका कवीने तो वाद उद्भवूच दिला नाही.

पुष्पदंताला वाचवले ते कारंजा लाडने. आज वाशीम जिल्ह्यात, पूर्वी अकोला जिल्ह्यात असलेल्या या गावी सेनगण आणि बलात्कारगण या जैन परंपरांची मंदिरे आहेत, आणि त्यांच्या भांडारांत शेकडो वर्षे हस्तलिखिते बांधून ठेवलेली होती. रायबहादूर हिरालाल यांनी १९२६ साली मध्यप्रांत-वऱ्हाडातल्या संस्कृत-प्राकृत हस्तलिखितांची सूची प्रसिद्ध केली, तेव्हा कारंज्याच्या अपभ्रंश ग्रंथांकडे जगाचे लक्ष गेले. त्या भांडारांत बसून काम केले ते हिरालाल जैन यांनी. ते अमरावतीच्या किंग एडवर्ड कॉलेजात, नंतरच्या विदर्भ महाविद्यालयात, संस्कृत शिकवत. अपभ्रंशात काही मोठे साहित्य असेल यावर तेव्हा अनेकांचा विश्वास नव्हता. कारंजा जैन ग्रंथमाला सुरू झाली आणि जसहरचरिउ १९३१ साली प. ल. वैद्यांच्या संपादनाने, णायकुमारचरिउ १९३३ साली हिरालाल जैन यांच्या संपादनाने बाहेर पडले. कनकामराचे ‘करकंडचरिउ’ १९३४ साली आले. मग वैद्यांनी महापुराणाचे तीन खंड १९३७ ते १९४१ या काळात माणिकचंद्र ग्रंथमालेतून पुरे केले. एका मराठी माणसाने संपूर्ण महापुराण पाठभेदांसह छापले, ही कामगिरी महाराष्ट्रात जितकी ठाऊक असावी तितकी नाही. त्याच अमरावतीतून हिरालाल जैन यांनी १९३९ पासून ‘षट्खंडागम’ धवला टीकेसह छापायला सुरुवात केली. एका जिल्ह्याच्या गावात वीस वर्षांत एवढे काम झाले, आणि त्यासाठी कारंज्याच्या भांडारांच्या विश्वस्तांनी कुलपे उघडून दिली, याचे मोल फार आहे.

कारंज्याच्या त्या पोथ्यांनी आणखी एक प्रामाणिक माणूस उजेडात आणला. जसहरचरिउत चौदाव्या शतकाच्या आरंभी गंधर्व नावाच्या कवीने काही प्रसंग नव्याने घातले. एका श्रोत्याला ते हवे होते म्हणून. पण हे माझे, पुष्पदंताचे नव्हेत, असे त्याने जागच्या जागी लिहून ठेवले. त्यामुळे संपादकांना ते सहज वेगळे काढता आले.

महापुराणाचा हिंदी अनुवाद देवेंद्रकुमार जैन यांनी केला आणि भारतीय ज्ञानपीठाने तो मूळ संहितेसह छापला. मराठी वाचकाला तोच आज सर्वांत जवळचा दरवाजा. मात्र एकशेदोन संधींत एकदम शिरण्यापेक्षा जसहरचरिउपासून सुरुवात करणे सोपे जाते. चारच संधी, आणि गोष्ट घट्ट पकडून ठेवणारी. राजा यशोधर आईच्या आग्रहापुढे वाकतो, जिवंत कोंबड्याऐवजी पिठाचा कोंबडा देवीला वाहतो, आणि त्या नुसत्या संकल्पाचे फळ मायलेक पशुपक्ष्यांच्या कित्येक जन्मांत भोगत राहतात. त्यानंतर महापुराणाचा पहिला संधी घ्यावा, त्यात उपवनातली ती भेट आहे. आणि मग थेट अडतिसावा, जिथे भरत रुसलेल्या कवीच्या शेजारी येऊन बसतो.